मुरणाऱ्या पाण्याचे स्वत्व

गृहस्थाच्या पुण्यकर्मांचे धर्मशास्त्राने दोन भाग केले आणि त्यांपैकी यज्ञयागादी कर्मांना ‘इष्ट’, तर विहीर, बारव, तळे, बाग, देवालय, अन्नछत्र अशा लोकांच्या उपयोगी पडणाऱ्या कामांना ‘पूर्त’ असे म्हटले. वैदिक यज्ञाचा अधिकार मोजक्यांना असला तरी पूर्ताचा अधिकार स्त्रियांना आणि शूद्रांनाही आहे, असे शास्त्रकारांनी मान्य केल्यामुळे या दुसऱ्या अंगाला समाजात फार मोठे स्थान मिळाले. देवगिरीच्या यादवांचा मंत्री हेमाद्री याने तेराव्या शतकात ‘चतुर्वर्गचिंतामणी’त दानधर्माचा विस्ताराने विचार केला, मूळच्या पैठणच्या, पण काशीला स्थायिक झालेल्या भट्ट घराण्यातील नीळकंठभट्टाने सतराव्या शतकात आपल्या ‘भगवंतभास्कर’ या बारा भागांच्या ग्रंथातील एक संपूर्ण भाग, ‘उत्सर्गमयूख’, तळी-विहिरी लोकांसाठी सोडण्याच्या विधीलाच दिला. या सगळ्या विचारात पाणी डोळ्यांना दिसते, त्याला काठ असतो, पायऱ्या असतात आणि ते कोणी दिले हे सांगणारा शिलालेखही पुष्कळदा असतो. आजच्या शहरातील घराभोवतीच्या चार हात मोकळ्या जागेत पडलेला पाऊस जमिनीत मुरू देणे, त्यासाठी अंगणाचा उतार, माती आणि झाडे यांची मुद्दाम रचना करणे, हे कर्म या चौकटीत कुठे बसते? ते पुण्यासाठी केलेले पूर्त आहे, की न केल्यास दोष लागावा असे कर्तव्य आहे? हा प्रश्न वरवर बागकामाचा वाटला तरी त्याच्या मुळाशी मालकी, दान आणि ऋण यांविषयीचा फार जुना वाद आहे.

प्रश्नाची भौतिक बाजू आधी पाहणे आवश्यक आहे, कारण धर्मविचाराला वस्तुस्थितीचा आधार नसला तर तो नुसता शब्दविलास ठरतो. एक चौरस मीटर जागेवर एक मिलिमीटर पाऊस पडला म्हणजे एक लिटर पाणी पडले, हा हिशेब सोपा आहे. पुण्यात वर्षाला सरासरी सुमारे ७०० मिलिमीटर पाऊस होतो असे धरले, तर एखाद्या गृहनिर्माण सोसायटीच्या ५०० चौरस मीटर अंगणावर वर्षभरात साडेतीन लाख लिटर पाणी उतरते. अंगणात काँक्रीट किंवा घट्ट बसवलेले पेव्हर ब्लॉक असतील तर त्यातले बहुतेक पाणी काही मिनिटांत गटारात जाते. महाराष्ट्राचा चार-पंचमांशाहून अधिक भाग बेसाल्टच्या म्हणजे काळ्या पाषाणाच्या थरांनी व्यापलेला आहे, आणि हा खडक स्वतः फारसे पाणी धरत नाही; पाणी साठते ते त्याच्या वरच्या झिजलेल्या थरात, ज्याला बोलीत मुरूम म्हणतात त्यात, आणि खालच्या भेगांमध्ये व सच्छिद्र पट्ट्यांमध्ये. दख्खनच्या पठारावरील भूजलाची साठवण म्हणूनच उथळ आणि तुटक असते, एका विहिरीला पाणी आणि शेजारच्या विहिरीला खडखडाट असा अनुभव सर्वत्र येतो, आणि वरून मुरण्याची वाट बंद झाली की साठा भरून निघण्यास फार अवधी लागतो. कोकणातील जांभ्यातून पाणी झपाट्याने उतरते आणि तितक्याच झपाट्याने निघूनही जाते, तर काळी माती भिजल्यावर फुगून स्वतःचीच छिद्रे मिटवून घेते. त्यामुळे अंगणाची एकच रचना सगळीकडे चालत नाही, ही गोष्ट ध्यानात ठेवावी लागते.

पावसाचे पाणी मुरवण्यासाठी अंगणात केलेल्या उथळ, लागवड केलेल्या खोलगट वाफ्याला अलीकडे पावसाळी बाग म्हणू लागले आहेत. तिची खोली साधारणपणे वीतभर असते. मूळची दाबलेली माती उकरून तीत वाळू आणि कंपोस्ट मिसळलेले असते. गच्चीवरून येणाऱ्या पन्हळीच्या तोंडाशी, धार थेट मातीवर पडून खड्डा होऊ नये म्हणून, दगडगोटे अंथरलेले असतात. आणि एका कडेला इतर कडांपेक्षा दोन बोटे खाली असा सांडवा ठेवलेला असतो, म्हणजे जादा पाणी भिंतीकडे न जाता गटाराकडे जाते. जोराची सर आली की पहिले पाणी धूळ, पालापाचोळा आणि फेस घेऊन येते, गोट्यांवर आपटून संथ होते, वाळ्याच्या आणि कर्दळीच्या बुंध्यांभोवती गोल फिरते, वाफा भरत जातो आणि मातीतून हवेचे बुडबुडे वर येऊ लागतात. पाऊस थांबल्यावर पाण्याची कड हळूहळू आत सरकते आणि दुसऱ्या दिवसापर्यंत मागे ओला पाचोळा आणि मऊ गाळाचा पातळ पापुद्रा एवढेच उरते. पाणी एक-दोन दिवसांत उतरले पाहिजे, हा या रचनेचा महत्त्वाचा नियम आहे, कारण डासाला अंड्यापासून पूर्ण वाढ होईपर्यंत आठवडाभर तरी साचलेले पाणी लागते. कोकणातील परसात मोरीच्या पाण्यावर अळू आणि केळी लावण्याची पद्धत ज्यांना ठाऊक आहे, त्यांना यात नवे काही शिकावे लागत नाही. नवे आहे ते एवढेच की छपराच्या आणि अंगणाच्या पाण्याचाही तसाच विचार करायचा.

आता या कर्माचे स्वरूप. दान आणि उत्सर्ग यांत धर्मशास्त्राने केलेला भेद येथे फार उपयोगी पडतो, आणि भारतरत्न पां. वा. काणे यांनी ‘धर्मशास्त्राचा इतिहास’ या ग्रंथात त्याची चर्चाही केली आहे. दानात दाता आपली मालकी सोडतो आणि ती दुसऱ्या ठरावीक व्यक्तीकडे जाते. घेणारा असल्याशिवाय दान पुरे होत नाही आणि दिलेल्या वस्तूवर दात्याचा हक्क उरत नाही. उत्सर्गात मालकी सोडली जाते, पण ती कोणा एकाकडे जात नाही. वस्तू सर्व प्राण्यांसाठी सोडलेली असते, आणि त्या सर्वांमध्ये सोडणाराही मोजला जात असल्यामुळे तळे बांधणारा मनुष्य आपल्याच तळ्याचे पाणी पिऊ शकतो, मात्र मालक म्हणून नाही, अनेकांतला एक म्हणून. भूजलात मिळणाऱ्या पाण्याला हे वर्णन तंतोतंत लागू पडते असे पहिल्या विचारात वाटते. अंगणातून मुरलेले पाणी कोणाच्या विहिरीत उतरेल, कोणत्या ओढ्याच्या काठावर पाझरेल, कोणत्या वडाच्या मुळांना लागेल, हे सांगता येत नाही. घेणाऱ्याचे नाव नाही, देणाऱ्याचा शिलालेख नाही, आणि देणाऱ्याच्या विहिरीला चार बोटे पाणी चढलेच तर ते त्याला इतरांच्या बरोबरीनेच मिळते.

या विचाराला आणखी एक बाजू आहे आणि ती टाळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. सर्व प्राण्यांसाठी सोडलेल्या त्याच पाणवठ्यांवर माणसांनाच मज्जाव होता. महाडच्या चवदार तळ्यावर गुरेढोरे पाणी पीत होती, पण अस्पृश्य मानलेल्या माणसांना तेथे उतरता येत नव्हते; १९२३ मध्ये मुंबई विधिमंडळाने सार्वजनिक पाणवठे सर्वांना खुले करण्याचा ठराव केला, तरीही डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांना २० मार्च १९२७ रोजी तेथे सत्याग्रह करावा लागला, आणि त्यानंतरचा न्यायालयीन वाद उच्च न्यायालयाच्या निकालाने १९३७ मध्ये संपला. जोतीराव फुले यांनी त्याच्या कितीतरी आधी, १८६८ मध्ये, आपल्या घरचा हौद अस्पृश्यांना खुला केला होता. याच फुल्यांनी १८८३ मध्ये ‘शेतकऱ्याचा असूड’ या पुस्तकात पावसाचे पाणी शेतात मुरून मग ओढ्यानाल्यांना मिळावे अशा तऱ्हेने जागोजागी बांध घालावेत, अशी सूचना केली, हा केवळ योगायोग मानता येणार नाही. पाणी कोणाला मिळते याचा जो मनुष्य कळकळीने विचार करतो, तो पाणी कोठे थांबते याचाही विचार केल्यावाचून राहत नाही. काठ आणि पायऱ्या असलेल्या पाण्यावर पहारा बसवता येतो, जमिनीखाली पसरलेल्या पाण्यावर तसा बसवता येत नाही; त्यामुळे उत्सर्गाच्या संकल्पातील ‘सर्व प्राणी’ ही भाषा दगडी तळ्यापेक्षा मुरलेल्या पाण्याच्या बाबतीत अधिक खरी ठरण्याची शक्यता आहे.

तरीही उत्सर्गाची ही उपपत्ती पुरेशी नाही. उत्सर्ग करायचा तर आधी स्वत्व, म्हणजे वस्तूवरची आपली मालकी, असावी लागते. जे आपले नाही ते सोडता येत नाही. अंगणात पडणारा पाऊस आपला असतो काय? कल्याणीच्या चालुक्यांच्या आश्रयास असलेल्या विज्ञानेश्वराने याज्ञवल्क्यस्मृतीवरील ‘मिताक्षरा’ टीकेत मालकी कशाने उत्पन्न होते याचा ऊहापोह केला आहे. वारसा, खरेदी, वाटणी, अधिगम म्हणजे निधीसारखी गोष्ट सापडणे, आणि परिग्रह अशी साधने गौतमाच्या धर्मसूत्रात सांगितली आहेत, आणि त्यांतील परिग्रह म्हणजे आधी कोणाच्याही मालकीची नसलेली वस्तू आपलीशी करणे, असे स्पष्ट करताना विज्ञानेश्वराने उदाहरणे दिली ती पाणी, गवत आणि लाकूड यांचीच. याचा अर्थ असा की आकाशातून उतरणारे पाणी मुळात कोणाचेही नाही, आणि ते घेतल्याने, साठवल्यानेच कोणाचे तरी होते. ज्याने गच्चीचे पाणी टाकीत भरले त्याने परिग्रह केला, ते पाणी त्याचे झाले, आणि त्याने ते शेजाऱ्याला दिले तर ते खरोखरच दान होईल. ज्याच्या अंगणातून ते थेट मातीत उतरले त्याने ते कधी घेतलेच नाही. मग त्याने सोडले काय? त्याच्या खात्यावर कोणते पुण्य जमा करावे? १८८२ च्या भारतीय सुविधाधिकार कायद्याने जमिनीच्या मालकाला, ठरावीक प्रवाहात न वाहणारे आपल्या हद्दीतील पाणी गोळा करण्याचा व त्याची विल्हेवाट लावण्याचा अधिकार दिला आहे, आणि आधुनिक नगररचनेची सवय याच दृष्टीने घडली आहे. पण या कायद्यातही अधिकार आहे तो गोळा करण्याचा, म्हणजे परिग्रहाचाच. पुढे १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एम. सी. मेहता विरुद्ध कमल नाथ या खटल्यात नैसर्गिक संपत्ती शासनाकडे जनतेच्या वतीने विश्वस्त म्हणून असते हे तत्त्व स्वीकारले, तेव्हा मालकीच्या या कल्पनेला मर्यादा पडू लागली.

यातून प्रश्नाची दिशाच पालटते. पाणी मुरू देणाऱ्याने काही दिलेले नाही हे मान्य केले, तर ज्याने अंगण बंद केले त्याने काहीतरी घेतले आहे हेही मान्य करावे लागते. फरशीखालच्या जमिनीला जे आपोआप मिळत होते ते त्याने अडवले आणि त्याचा स्वतः उपयोगही केला नाही. भगवद्गीतेच्या तिसऱ्या अध्यायात यज्ञ, पाऊस, अन्न आणि प्राणी यांचे चक्र सांगताना, मिळालेले परत न देता जो नुसता भोगतो त्याला चोर म्हटले आहे. तेथील दोष भोगण्याचा नसून चक्र तोडण्याचा आहे. मीमांसकांनी कर्माचे नित्य आणि काम्य असे भेद केले. काम्य कर्म एखाद्या फळाच्या इच्छेने करायचे असते आणि ते केले नाही तर दोष नाही. नित्य कर्माचे वेगळे फळ सांगितलेले नसते, पण पुष्कळ शास्त्रकारांच्या मते ते न केल्याने प्रत्यवाय म्हणजे दोष उत्पन्न होतो. ज्या काळी गावाभोवती उघडी जमीन अमाप होती त्या काळी पाण्यासाठी काही बांधणे हे साहजिकच काम्य पूर्त होते. ज्या शहरात जमिनीचा प्रत्येक तुकडा कोणीतरी झाकत आहे, तेथे आपला तुकडा उघडा ठेवणे हे पुण्याच्या कक्षेतून निघून नित्यकर्माच्या कक्षेत येते, असे म्हणण्यास सबळ आधार आहे.

हा दोष केवळ तात्त्विक नाही. पुण्यात कात्रजच्या डोंगरातून येऊन मुठेला मिळणाऱ्या आंबिल ओढ्याला २५ सप्टेंबर २०१९ च्या रात्री पूर आला, ओढ्याकाठच्या वस्त्यांत पाणी शिरले आणि माणसे दगावली. ओढ्याचे पात्र अरुंद होणे, काठावरची बांधकामे, अवघ्या काही तासांतला मुसळधार पाऊस अशी अनेक कारणे त्यामागे होती आणि एकट्यादुकट्या अंगणाला त्याबद्दल जबाबदार धरणे अन्यायाचे होईल. पण उंचावरच्या बंद अंगणांतून वेगाने निघालेले पाणी खालच्या वस्तीत एकवटते, आणि खालच्या वस्तीत बहुधा गरीब राहतात, ही गोष्ट कोणत्याही पावसाळ्यात दिसते. आपल्या दारातले पाणी दुसऱ्याच्या घरात लोटणे ही हिंसा आहे. ती नकळत होते, अनेकांच्या हातून मिळून होते, म्हणून तिचा कर्ता सापडत नाही, एवढेच.

आक्षेप अनेक आहेत आणि सोसायटीच्या वार्षिक सभेत ते हमखास निघतात: चिखल होईल, डास होतील, पार्किंगची जागा जाईल, पाया ओला होईल. शेवटचा आक्षेप गंभीर असून मुरण्याची जागा इमारतीच्या पायापासून पुरेशी दूर ठेवणे हेच त्याचे उत्तर आहे. चिखलाच्या आक्षेपामागे मात्र शुद्धीविषयीची एक कल्पना दडलेली आहे, जी परंपरेच्या नावाने मांडली जात असली तरी परंपरेशी विसंगत आहे. शौचाचे नियम सांगताना स्मृतिकारांनी पाण्याबरोबर मातीलाच शुद्धीचे साधन मानले. मातीला अशुद्ध समजून तिच्यावर सिमेंटचा कोबा घालण्याची वृत्ती अगदी अलीकडची आहे. शुद्धीचा खरा प्रश्न वेगळ्याच ठिकाणी आहे. गाड्यांखालचे तेल, पहिल्या पावसात धुऊन येणारी गच्चीवरची घाण, मैलापाण्याचा पाझर हे सगळे गाळणीशिवाय थेट बोअरवेलमध्ये सोडले तर खालचे सर्वांचे पाणी बिघडते, आणि ते पुन्हा शुद्ध करणे जवळजवळ अशक्य असते. मुळे, गांडुळे आणि सूक्ष्मजीव यांनी भरलेल्या हातभर जिवंत मातीतून पाणी सावकाश उतरते तेव्हा त्यातला पुष्कळसा मळ वरच अडतो. नियमाच्या पूर्ततेसाठी घाईने खणलेल्या पुनर्भरणाच्या बोअरपेक्षा कर्दळीचा साधा वाफा पुष्कळदा श्रेष्ठ ठरतो.

सर्वांत अवघड आक्षेप शेजाऱ्याचा आहे. एकाने मुरवलेले पाणी दुसरा खोल बोअरवेलने उपसून टँकरने विकत असेल, तर मुरवणाऱ्याने का मुरवावे? भूजलावर पहारा बसवता येत नाही हा त्याचा गुण आहे, तोच येथे दोष होतो. ग्रामीण महाराष्ट्राने या प्रश्नाची उत्तरे शोधली आहेत. १९७२ च्या दुष्काळानंतर विलासराव साळुंखे यांनी पुरंदर तालुक्यातील नायगावपासून सुरू केलेल्या पाणी पंचायतीने पाण्याचा हक्क जमिनीच्या क्षेत्रावर न ठेवता घरातील माणसांच्या संख्येवर ठेवला आणि भूमिहीनालाही वाटा दिला. हिवरे बाजार या गावाने शेतीसाठी बोअरवेलला बंदी घालून दरवर्षी पाण्याचा ताळेबंद मांडण्याची शिस्त लावली. महाराष्ट्र भूजल (विकास व व्यवस्थापन) अधिनियम, २००९ याने कायद्याची चौकट दिली असली तरी एकाच खडकावर उभ्या असलेल्या चार सोसायट्यांनी एकत्र बसून उपशाचा हिशेब करावा, असा रिवाज शहरांत अजून पडलेला नाही, आणि तो पडेपर्यंत मुरवणाऱ्याच्या मनात आपण फसवले जात असल्याची भावना राहणारच. पण शेजारी चोर आहे म्हणून आपले नित्यकर्म सुटत नाही. चोराला आवरण्याच्या कामाची मात्र त्यात नव्याने भर पडते.

यथाशक्ति-न्याय म्हणून ओळखला जाणारा मीमांसेतील सिद्धान्त येथे निर्णायक ठरतो. जैमिनीच्या सूत्रांतील सहाव्या अध्यायाच्या चर्चेनुसार काम्य कर्म सर्व अंगांसह पुरे झाले तरच फळते, त्यात एखादे अंग उणे पडले तर फळ नाही. नित्य कर्म मात्र ज्याच्या त्याच्या शक्तीप्रमाणे, काही अंगे उणी राहिली तरी, केले तर ते केलेले धरले जाते. मुंबईत सांताक्रूझ येथे २६ जुलै २००५ रोजी चोवीस तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस पडला, त्या दिवशी कोणतेही अंगण पुरे पडले नसते. पोळ्याच्या सुमारास भिजून तुडुंब झालेली जमीनही नवे पाणी घेईनाशी होते. अंगण मुरवणे हे फळासाठी केलेले काम्य कर्म असते, तर अशा दिवसांच्या दाखल्याने ते व्यर्थ ठरवता आले असते. नित्यकर्म म्हणून पाहिले की हिशेब बदलतो: ज्या सोसायटीला सगळे अंगण उकरणे शक्य नाही, तिने कुंपणाच्या भिंतीलगतची दीड-दोन फुटांची एक पट्टी पेव्हर ब्लॉक काढून मोकळी केली, झाडाच्या बुंध्याला भिडलेले सिमेंट फोडून हातभर आळे केले, पन्हळीचे तोंड गटाराऐवजी त्या आळ्याकडे वळवले आणि दर वर्षी मृगापूर्वी त्यातला गाळ काढला, तर तिच्या शक्तीपुरते ते कर्म घडले असे धरावे लागेल. आणि ज्याच्याकडे मोकळे अंगण आहे, पैसा आहे, उतारही अनुकूल आहे, त्याची शक्ती मोठी असल्यामुळे त्याला दीड फुटाची पट्टी पुरणार नाही.